चाल कुणाची

पहाटे साडेपाच

आमच्या घरात गजर लागत नाही, कात्री लागते. अम्मानं रात्रीच पानं भिजवून ओल्या फडक्यात गुंडाळून ठेवलेली असतात. उजाडायच्या आत ती दाराशी बसते, पत्र्याचा साचा पानावर धरते आणि कडेनं कात्री फिरवते. ऑगस्टच्या अखेरीला हवा दमट असते, पान मऊ असतं, म्हणून आवाज उन्हाळ्यापेक्षा खालचा येतो. तेंदूच्या पानात एखादी जाड शीर आली की तिचा हात थबकतो, पान फिरतं, आणि लयीतली एक मात्रा कोरी जाते. ही कोरी मात्रा आमच्या ड्रमरला अजून नीट जमलेली नाही. त्याला वाटतं, मी चुकीचं मोजतो.

मी गिटार घेऊन आत बसतो. घरकुलात शेजाऱ्याची आणि आपली भिंत एकच, त्यामुळं अॅम्प्लिफायर बंद. नुसत्या तारांचा आवाज, तोही बोटाच्या मांसानं, नखानं नाही. सहापैकी तीन तारा मी उतरवून घेतो. मग मोकळ्या तारा डी-ए-डी-जी-ए-डी अशा लागतात. पांढरी दोनला षड्ज धरला तर सा, पंचम आणि मध्यम, बस एवढंच. गंधार कुठंच नाही. सकाळचा रियाज सगळा या नसलेल्या गंधाराभोवती चालतो.

याचं कारण साधं आहे. नेहमीच्या गिटारच्या कॉर्डमध्ये गंधार असतोच, आणि तो एकदा वाजला की गाणं शुद्ध गंधाराचं की कोमल, याचा निकाल तिथंच लागतो. तुळजापूरच्या वाटेवरची आराध्यांची गाणी, ओव्या, अम्माची बतकम्माची गाणी, यांतला गंधार असा निकाल मानत नाही. चढताना एक, उतरताना दुसरा, आणि गाणारीचा दम संपत आला की तिसराच. त्याखाली कॉर्ड दाबली की ऐकणाऱ्याला बाई बेसूर वाटते. बेसूर कॉर्ड असते. ऑर्केस्ट्रात असताना कित्येक चांगल्या गळ्यांना असं बेसूर ठरवलेलं मी स्वतः ऐकलंय, स्टेजवर उभं राहून.

ही तारा उतरवण्याची पद्धत माझी नाही. डेव्ही ग्रॅहम नावाच्या इंग्रज गिटारवाल्यानं १९६० च्या दशकाच्या सुरुवातीला ती रूढ केली, मोरोक्कोत ऊद ऐकून आल्यावर. उदाशी जुळवून घ्यायला त्यानं गिटार उतरवली, आणि ती मला इथं सोलापूरजवळच्या कुंभारीत तुणतुण्याशी जुळवायला उपयोगी पडते. अंगठ्यानं खालची तार एकसारखी छेडायची, तुणतुणं छेडतात तशी, आणि बाकीच्या बोटांनी चाल. पाऊण तास हेच. कंटाळवाणं असतं. त्याला इलाज नाही.

सात

पाणी येतं, मिक्सर सुरू होतात, रियाज संपतो. नाष्ट्याला सुशीला. चुरमुरे भिजवून पिळून फोडणीला टाकले की पाच मिनिटांत होते. कामावर जाणाऱ्या घरातला दुसरा कुठलाही नाष्टा तिच्या वेगाला येत नाही.

मग अम्माची टोपली उचलून मी तिच्याबरोबर विडी कारखान्याच्या शाखेवर जातो. काल वळलेल्या विड्या द्यायच्या, आजची पानं आणि तंबाखू घ्यायची. मोजणारा हात फिरवतो, ढिल्या, वाकड्या, जळकट पानाच्या विड्या बाजूला काढतो. त्या नापास. हा व्यवहार मी लहानपणापासून बघतोय आणि समीक्षेचा पहिला धडा मला इथंच मिळाला असं मी एकदा एका लेखात लिहिलं होतं. संपादकांनी ते वाक्य काढून टाकलं.

रांगेत चार भाषा ऐकू येतात. तेलुगू, मराठी, कन्नड, दख्खनी. एकीनं तेलुगूत विचारलेल्याला दुसरी कन्नडमध्ये उत्तर देते आणि दोघींना त्यात काही वावगं वाटत नाही. सोलापूरला हे नवं नाही. अठराव्या शतकात इथंच जन्मलेल्या राम जोशींनी अनेक भाषा एकत्र गुंफून लावण्या केल्या. कीर्तनकारांच्या घरातला हा माणूस तमाशाच्या फडात गेला आणि शिकलेलं संस्कृत, वृत्तं, सगळं तिथं घेऊन गेला. व्ही. शांतारामांनी १९४७ मध्ये त्याच्यावर ‘लोकशाहीर रामजोशी’ हा चित्रपट काढला. लोकांच्या डोक्यात आता तो चित्रपटच आहे. पण या रांगेत उभं राहून ऐकलं की त्याची भाषांची खिचडी ही विद्वानाची करामत वाटत नाही. रोजचं बोलणं त्यानं उचललं असणार, असं मला वाटतं.

रांगेत गाणं मात्र कुणी म्हणत नाही. गाणं दुपारी, दारात बसून वळताना. मालकाच्या दारात हिशेब असतो, तिथं गळा कुणाला सुचणार?

या वस्तीचं पूर्ण नाव कॉम्रेड गोदूताई परुळेकर विडी कामगार घरकुल. १०,००० घरं, २००६ मध्ये पंतप्रधान मनमोहन सिंग यांच्या हस्ते दिली गेली. नरसय्या आडम मास्तरांच्या लाल बावट्याच्या युनियननं बायकांना घेऊन किती मोर्चे काढले, त्याचा हिशेब अम्माकडं तोंडपाठ आहे. पलीकडं रे नगर उभं राहिलं, ३०,००० घरांचं, त्यातली १५,००० घरं जानेवारी २०२४ मध्ये पंतप्रधान नरेंद्र मोदींच्या हस्ते वाटली गेली. एवढी मोठी कामगार वस्ती अक्कलकोट रोडला, गावाबाहेर, आणि तिच्यातल्या गाण्यांबद्दल एक पान कुणी लिहिलेलं मला सापडत नाही. मी लिहायला लागलो त्याचं अर्धं कारण हे. उरलेलं अर्धं पोटाचं.

साडेनऊ ते साडेबारा

लिहायची वेळ. दिवाळी अंकाचा लेख शाहीर अमर शेखांवर आहे आणि तो द्यायची तारीख उलटून गेलीय. योगायोगानं आजूबाजूला त्यांच्या स्मृतिदिनाचे कार्यक्रम चाललेत. २९ ऑगस्ट १९६९ ला इंदापूरजवळ मोटार अपघातात ते गेले.

ते आमच्याच जिल्ह्यातले, बार्शीचे. जन्म २० ऑक्टोबर १९१६, मूळ नाव मेहबूब हुसेन पटेल. बसवर क्लीनर होते, मग गिरणीत कामगार, मग संपाचे पुढारी, तुरुंग. कोल्हापूरला मास्टर विनायकांच्या स्टुडिओत काम करताना मित्रांनी नाव दिलं अमर शेख. १९४४ मध्ये अण्णाभाऊ साठे आणि द. ना. गवाणकर यांच्याबरोबर लाल बावटा कलापथक. संयुक्त महाराष्ट्र, गोवा मुक्ती, चीनच्या आक्रमणाच्या वेळचे कार्यक्रम. हे सगळं सगळ्यांनी लिहून झालंय. मला हे लिहायचं नाही.

मला दोन गोष्टींवर लिहायचंय. पहिली, त्यांचा आवाज मैदानात कसा काम करायचा. पोवाड्याची घडण बघा. शाहीर शब्द भराभर ओतत जातो, एका अक्षराला एक मात्रा, ताना नाहीत, हरकती नाहीत, कारण मागच्या रांगेतल्या माणसाला शब्द कळायला हवा. कडव्याच्या शेवटी मात्र स्वर ताणून वर नेतो, आणि तिथं मागचे साथीदार झील धरतात. त्या तेवढ्या अवधीत शाहीर श्वास घेतो आणि लोकांच्या डोळ्यांत बघून पुढचं ठरवतो. झील ही शोभा नाही, ती शाहिराची फुफ्फुसं आहेत. अमर शेखांचं वेगळेपण मला असं वाटतं की ते झिलीच्या जागी समोरच्या गर्दीला घ्यायचे. ज्यांनी त्यांना ऐकलं ती माणसं अजून बोलताना ओळ अर्धी म्हणतात आणि थांबतात, समोरच्यानं पुरी करावी म्हणून. ही सवय ऐकणाऱ्याला गाणाऱ्यानंच लावलेली असते.

दुसरी गोष्ट त्यांच्या आईची, मुनेरबींची. त्यांना ओव्या, लोकगीतं भरपूर येत आणि मुलाच्या कानावर पहिलं गाणं तेच. प्रत्येक चरित्रलेखात हे एका वाक्यात येतं, संस्कार या सदरात. मी आज सकाळी दोन तास या एका वाक्यापाशी अडलोय. जात्यावरच्या ओवीत ओळीचा शेवट लांबतो, कारण हात जात्याचा फेरा पुरा करत असतो. गाणारणीनं तो लांबवलेला नसतो, दगडानं लांबवलेला असतो. पोवाड्यात कडव्याचा शेवट लांबतो तो श्वासासाठी. अमर शेखांच्या जुन्या ध्वनिमुद्रणात ते मधल्याच ओळी अशा लांबवतात, जिथं श्वासाची गरज नाही. मला तिथं जातं ऐकू येतं. हे सिद्ध करता येणार नाही, ते मला माहीत आहे. पण वाजवणारा माणूस लिहायला बसला तर त्यानं असलंच काहीतरी लिहावं, बाकी चरित्र लिहायला इतर लोक आहेत.

अमर शेख स्वतःही लिहीत होते. ‘कलश’ (१९५८) आणि ‘धरतीमाता’ (१९६३) हे कवितासंग्रह, ‘पहिला बळी’ हे नाटक, शिवाय ‘युगदीप’ आणि ‘वक्त की आवाज’ या मासिकांचं संपादन. गाणाऱ्यानं लिहावं की नाही, यावर आमच्याकडं उगाच नाकं मुरडली जातात. गोविंदराव टेंब्यांनी भास्करबुवा बखल्यांना हार्मोनियमची साथ केली, ‘मानापमान’ला चाली दिल्या, ‘अयोध्येचा राजा’त हरिश्चंद्र केला आणि १९३९ मध्ये ‘माझा संगीत व्यासंग’ लिहिलं. प्रभातच्या ‘संत तुकाराम’चे संगीतकार केशवराव भोळे ‘एकलव्य’ या टोपणनावानं गवयांवर लिहीत, आणि कुणाची भीड न ठेवता लिहीत. अशोक दा. रानडे स्वतः गायचे आणि १९७५ मध्ये त्यांनीच ‘लोकसंगीतशास्त्र’ दिलं. पार अमेरिकेतही लेनी के आहे, पॅटी स्मिथच्या बँडचा गिटारवाला, जो आधी रेकॉर्डवर परीक्षणं लिहायचा.

आणि वुडी गथ्री. अमर शेखांपेक्षा चार वर्षांनी थोरला, त्यांच्या दोन वर्षं आधी गेला. ओक्लाहोमाचा, खांद्यावर गिटार, कामगारांच्या सभा, स्थलांतरितांच्या छावण्या. १९३९ पासून कम्युनिस्ट वर्तमानपत्रात सदर लिहायचा, मुद्दाम अडाणी माणसाच्या भाषेत. ही दोन माणसं एकमेकांना ठाऊक असायचं कारण नाही. तरी दोघांच्या कामाची रीत इतकी एकसारखी की लेखात दोघांना शेजारी बसवायचा मोह आवरत नाही. वुडीचं सगळ्यात गाजलेलं गाणं १९४० चं आहे, शब्द त्याचे. चाल कार्टर फॅमिलीच्या एका धार्मिक गाण्यावरून घेतलेली. कार्टर फॅमिलीनंही ती कुठून तरी घेतलेली. ते आधीचे लोक कोण, त्यांची नावं काय?

बारा वाजता संपादकांचा फोन. “वुडी कोण ते वाचकांना माहीत नाही, तो काढा. आईचं छान आहे, पण जरा भावनिक करा.”

“सर, भावनिक नाही, ते तालाचं आहे.”

“तेच म्हणतोय मी.”

मी वुडी एका परिच्छेदावर आणतो. मानधन दिवाळी संपल्यावर येतं, कधी कधी फक्त अंक येतो.

दोन

जेवून सिटी बसनं सोलापूर. दुपारी दोन ते चार गिटारची शिकवणी, एका क्लासच्या मागच्या खोलीत. मुलांना सिनेमाची गाणी हवी असतात आणि मी ती आनंदानं शिकवतो. ‘सैराट’ला आता वर्षं झाली तरी ‘झिंगाट’ची मागणी हटत नाही. करमाळा तालुक्यातल्या दिग्दर्शकाचा, त्याच भागात चित्रित झालेला सिनेमा, आणि अजय-अतुलनी त्याच्यासाठी लॉस एंजेलिसमध्ये ऑर्केस्ट्रा बसवून वाजवून घेतला. लोकांना वाटतं त्यातलं गावाकडचं तेवढं अस्सल आणि व्हायोलिनं वरून लावलेली. मला उलटं वाटतं. वरातीचा ठेका मुळातच मोठ्या जागेसाठी असतो; त्याला शंभर वाद्यांची भीती वाटत नाही.

मी स्वतः वाजवायला शिकलो ते ऑर्केस्ट्रात. गणपती, लग्नं, सोलापूरच्या गड्ड्याच्या यात्रेतले स्टेज. एका साथीदाराकडं क्रीडन्स या अमेरिकन रॉक बँडची कॅसेट होती. ती ऐकून मला वाटलं हे लोक नदीकाठच्या दलदलीतले, तिथल्याच मातीतले. मग कळलं की ते कॅलिफोर्नियाचे, लुइझियानाच्या त्या दलदलीशी त्यांचा काही संबंध नव्हता. रूट्स रॉक म्हणतात त्याची गंमतच ही. १९६८ च्या सुमाराला रॉकवाले स्टुडिओतल्या करामतींना कंटाळले आणि ब्लूज, कंट्री, खेड्यातली फिडल, मँडोलिन यांच्याकडं वळले. मुळं शोधायला निघाले. पण कुणाची मुळं, हे विचारणारे थोडे होते. क्रीडन्सची गाणी मला अजून आवडतात. फक्त आता ती ऐकताना मी त्या दलदलीतल्या खऱ्या माणसांना शोधत बसतो, तेवढा फरक.

पुढं कीबोर्डवर गिटारचा आवाज निघायला लागला आणि ऑर्केस्ट्रावाल्यांनी गिटारवाल्यांना हळूहळू रजा दिली. त्या रिकाम्या दिवसांत मी लिहायला लागलो, आणि अम्माची गाणी फोनवर टिपायला.

साडेचार

परतताना कुंभारीच्या अलीकडं उतरून हलगीवाल्या मामांकडं जातो. हे माझे सख्खे मामा नव्हेत. सगळ्या गावाचे मामा. संध्याकाळच्या तालमीला त्यांना घेऊन जायचंय.

मामा वाळलेल्या चिपाडाचा जाळ करून हलगी शेकत बसलेत. पावसाळी हवेत कातडं ढिलं पडतं, आवाज बसतो. शेकलं की ताणतं आणि सूर चढतो. चढवलेला सूर अर्धा-पाऊण तास टिकतो, मग परत जाळ. आजकाल नटबोल्टच्या, फायबरच्या हलग्या मिळतात, पाना फिरवला की सूर. मामांकडं तीही आहे, वरातीत तीच नेतात. पण तिच्यात घुमारा नाही म्हणतात, आणि खरंच नाही. डाव्या हातातली बारीक काडी कडेवर सतत चुरचुरते आणि उजवीची जाड काडी मधे पडते. फायबरवर दोन्हींचा आवाज एकाच घरातला येतो. कातड्यावर दोन माणसं वाजवतायत असं वाटतं.

मामांच्या भावकीतल्या बऱ्याच जणांनी हलगी सोडली. कंटाळून नव्हे, ठरवून. हे वाद्य त्यांच्याकडं आवडीनं आलेलं नव्हतं, गावकीनं गळ्यात घातलेलं होतं. जत्रा असो की मयत, बोलावलं की जायचं, बदल्यात कुणाच्या तरी दारचं शिळं. बाबासाहेबांनी असली कामं सोडायला सांगितली, अनेकांनी सोडली, आणि त्यात वाद्यंही गेली. आमच्या बँडच्या मुलांना मात्र हलगी म्हणजे भारी आवाज. मी तालमीला पहिल्यांदा मामांना आणलं तेव्हा ते दाराबाहेरच थांबले होते. “आत या की” म्हटल्यावर आले, पण चपला हातात घेऊन. त्या दिवशी मी काहीच वाजवू शकलो नाही. याच्यावर एक लेख लिहिला, तो छापून आला, आणि मामांनी तो नातवाकडून वाचून घेतला. म्हणाले, “चपलेचं कशाला लिवलास? हलगीचं लिवायचं.” त्यांचं बरोबर होतं असं मला वाटत नाही, पण त्यांनी सांगितल्यावर पुढच्या लेखात मी फक्त हलगीचं लिहिलं.

आज जाळावर हलगी फिरवता फिरवता ते विचारतात, “त्या नव्या गाण्यात माझं नाव हाय का?”

“वादक म्हणून आहे.”

“पैशात?”

याचं उत्तर लांब आहे. कायद्यात १९९४ पासून वाजवणाऱ्याचा हक्क मानला जातो आणि २०१२ च्या दुरुस्तीनं गीतकार-संगीतकारांबरोबर वादकांनाही रॉयल्टीचा आधार मिळाला. कागदावर. चाल पारंपरिक असेल तर तिला मालक नाही; मात्र त्या चालीची मी बसवलेली नवी मांडणी माझ्या नावावर लागू शकते. म्हणजे ज्यांनी शंभर वर्षं चाल सांभाळली त्यांना काही नाही आणि मी एक गिटार जोडली तर मी संगीतकार. मामांना मी एवढंच सांगतो की रात्री गाण्याच्या नोंदणीचा फॉर्म भरायचाय, सगळ्यांच्या देखत ठरवू.

“ठरव बाबा. लगीनसराईत एका वरातीचं काय मिळतं ते मला म्हाईतंय. तुझं कळंना झालंय.”

सहा ते दहा

तालीम. मित्राच्या यंत्रमागाच्या शेडमागची खोली, माग सहाला थांबतात. तोवर आम्ही तारा जुळवतो ते मागाच्या खटक्यांतच, आणि बेसवाला खटक्यांवर बोटं मोकळी करून घेतो.

आज गणपतीच्या कार्यक्रमासाठी अम्माचं बतकम्माचं गाणं बसवायचंय. नवरात्रात सोलापूरच्या पद्मशाली बायका फुलांचा मनोरा रचून भोवती फेर धरतात, टाळ्या देत वाकतात आणि गातात. एकजण ओळ सांगते, बाकीच्या उचलतात, आणि प्रत्येक ओळीच्या टोकाला झोक्याला घातलेली साद येते. आमच्या गल्लीत ते म्हणतात ती लय तिनाची. ड्रमरनं ते चारात बसवलं. चारात बसतंही, वाईट म्हणजे बसतं छान. जाहिरातीत खपेल असं.

“बे, यात काय चुकलं?” तो विचारतो. “लोक नाचतील की.”

“बायका वाकतात कुठं यात?”

“काय?”

मी उठून दाखवतो. पाऊल, वाकणं, टाळी. वाकायला वेळ लागतो. चारात घेतलं तर टाळी वाकायच्या आत येते. तो हसतो, बाकीचेही हसतात. दाढीवाला माणूस खोलीत फेर धरतोय हे दृश्य फार सुरेख नसावं. मामा हसत नाहीत. ते हलगी घेतात, बारीक काडीनं तीन चुरचुरवतात आणि जाड काडी अशा जागी टाकतात की ड्रमरचे चारही त्यात मावतात. तीन आणि चार बारा मात्रांनी एकत्र येतात हे गणित सगळ्यांना येतं. बारा मात्रा कंटाळा न येऊ देता चालवायच्या कशा, ते मामांना येतं. ड्रमर पाच मिनिटं नुसता ऐकतो, मग फक्त खालचा ड्रम वाजवत आत येतो. कोरी मात्रा त्याला आज सापडली, कात्रीबद्दल मी एक शब्द न बोलता.

मग कॉर्ड. बेसवाला षड्जावर बसून राहतो, मी मोकळ्या तारा. गाणारी मुलगी विचारते, गंधार कुठला घेऊ? मी म्हणतो, अम्माचं रेकॉर्डिंग ऐक आणि तिनं जिथं जिथं घेतलाय तिथं तिथं तोच घे. ती म्हणते, अम्मांनी तीन ठिकाणी तीन घेतलेत. मग तीन घे.

साडेआठला वीज जाते. अंधारात हलगी आणि आवाज एवढंच राहतं, आणि खरं सांगायचं तर गाणं तेव्हाच जास्त चांगलं होतं. पण कार्यक्रमात वीज असणार. दहाला थांबतो. ध्वनिप्रदूषणाचे २००० सालचे नियम लाउडस्पीकरला रात्री दहानंतर बंदी घालतात. तालमीला ते लागू होत नसावेत, पण शेडशेजारी झोपणारी माणसं पहाटे मागावर जातात.

साडेदहा

कडक भाकरी, शेंगाचटणी, दही. बँडची मुलं आमच्याच दारात बसून खातात. मोबाईलवर फॉर्म उघडलेला. रकाने: गीतकार, संगीतकार, मांडणी, वादक, टक्केवारी.

गीतकार-संगीतकार ‘पारंपरिक’ असं भरलं तर विषय मिटतो, असं बेसवाला म्हणतो. सगळे तसंच भरतात. मी म्हणतो, मांडणीचा वाटा पाच जणांत सारखा, मामा धरून, कारण आजची मांडणी मामांनी केलीय. यावर थोडी कुरकुर होते, ड्रमर सोडून. तो म्हणतो, मामांचं बरोबर आहे. मग ठरतं. मामांना फोन लावतो. ते झोपलेले असतात, उठून म्हणतात, “लिहून पाठव, पोरगं वाचंल.”

राहिली अम्मा. हे गाणं तिच्या नावानं नोंदवता येत नाही, ते तिनं रचलेलं नाही. पण चाल तिच्याकडून घेतली असं तपशिलाच्या रकान्यात लिहिता येतं आणि मांडणीत एक सहावा वाटाही. मी तिला तेलुगूत विचारतो, ती तेलुगूतच उत्तर देते. इथं मराठीत लिहितोय.

“तू कुणाकडून शिकलीस?”

“तुझ्या आज्जीकडून. माझ्या सासूकडून.”

“ती?”

“ती जुन्या गिरणीच्या चाळीतल्या बायकांकडून. त्यात एक विधवा होती, ती सगळ्यात चांगली म्हणायची. तिचं नाव कुणी घेत नव्हतं, कामाटीण म्हणायचे नुसतं.”

मी तपशिलात तेवढंही टाकतो. रकान्यात अक्षरं मोजून दिलेली आहेत, ‘जुन्या गिरणीच्या चाळीतल्या’ इथं संपतात. ‘गिरणीची चाळ’ असं आखडून बसवतो.

“याचे पैसे येतात?” अम्मा विचारते.

“वर्षाला थोडेसे. आले तर.”

“मग माझं नाव कसं घालणार? आधारवर एक आहे, विडीच्या ओळखपत्रावर एक, रेशनकार्डावर तिसरंच. पीएफच्या वेळी त्यावरून किती फेऱ्या घातल्या आठवतंय ना?”

आठवतंय. ड्रमर म्हणतो, पॅनवरचं नाव घाला. अम्माकडं पॅन नाही. फॉर्म तिथंच जतन करून ठेवतो, उद्या सकाळी तीन नावांपैकी कुठलं बँकेत आहे ते पासबुकात बघायचं, पॅनचा अर्ज भरायचा, आणि त्याआधी वुडीचा परिच्छेद अजून चार ओळींनी कमी करायचा.